क्रिस्तिना यांदा : सेन्सॉरच्या फळीपासून स्वतःच्या रंगमंचापर्यंत

मे १९९० मध्ये फ्रान्समधील कान चित्रपट महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार पोलंडच्या क्रिस्तिना यांदा यांना जाहीर झाला. ज्या भूमिकेसाठी तो मिळाला, ती साकारून त्यांना साडेआठ वर्षे लोटली होती. रिशार्द बुगायस्की दिग्दर्शित ‘इंटरोगेशन’ या चित्रपटाचे चित्रीकरण १९८१ च्या अखेरीस झाले आणि १९८२ मध्ये तो पूर्ण झाला. परंतु पोलंडमधील चित्रपटगृहांत तो पोहोचला डिसेंबर १९८९ मध्ये. मधल्या काळात पोलंडमध्ये लष्करी राजवट आली आणि गेली, कम्युनिस्ट पक्षाची सत्ता कोसळली, चित्रपटाचा दिग्दर्शक देश सोडून कॅनडात स्थायिक झाला. आणि ज्या सरकारी खात्याच्या संमतीवाचून पोलंडमध्ये काहीही छापता किंवा दाखवता येत नसे, ते खातेच कानच्या महोत्सवाच्या महिनाभर आधी कायद्याने रद्द झाले होते.

एखाद्या अभिनेत्रीची आयुष्यातील सर्वोत्तम ठरलेली भूमिका तिच्याच प्रेक्षकांपासून आठ वर्षे दडवून ठेवली जाते, तेव्हा त्या अभिनेत्रीचे पुढे काय होते, हा प्रश्न यांदा यांच्या कारकिर्दीकडे पाहताना टाळता येत नाही. पोलंडमध्ये त्यांचे नाव नुसत्या नटीचे म्हणून घेतले जात नाही. त्यांच्या भूमिका आणि देशाचा गेल्या अर्धशतकाचा इतिहास एकमेकांत इतके गुंतले आहेत की, एकाविषयी बोलताना दुसऱ्याचा उल्लेख येतोच.

यांदा यांचा जन्म १८ डिसेंबर १९५२ रोजी स्ताराखोविचे या औद्योगिक गावी झाला. मालमोटारींच्या कारखान्यामुळे हे गाव पोलंडमध्ये ओळखले जात असे. त्यांचे शालेय शिक्षण वॉर्सा येथील कलाविद्यालयात झाले आणि चित्रकार होण्याकडे त्यांचा कल होता. नाट्यविद्यालयाच्या प्रवेशपरीक्षेला त्या बसल्या त्या मैत्रिणीला सोबत म्हणून गेल्या असताना, अशी आठवण पोलंडमध्ये नेहमी सांगितली जाते. १९७५ मध्ये वॉर्साच्या सरकारी नाट्यविद्यालयातून त्या पदवीधर झाल्या. त्याआधीच, विद्यार्थिदशेत, चेकॉव्हच्या ‘थ्री सिस्टर्स’च्या दूरचित्रवाणी प्रयोगात त्यांनी माशाची भूमिका केली होती. पोलंडमध्ये दूरचित्रवाणीवरील नाटकांची परंपरा भक्कम आहे आणि तेथे मिळालेली अशी संधी नवख्या कलावंताला एका रात्रीत देशभर पोहोचवत असे. त्या प्रयोगाचे दिग्दर्शक अलेक्झांडर बार्दिनी होते. पुढे चौदा वर्षांनी हेच बार्दिनी त्यांच्यासमोर एका अविस्मरणीय चित्रपटात उभे राहणार होते.

पदवीनंतर वॉर्साच्या आतेनेउम नाट्यगृहाच्या कायम नटसंचात त्या दाखल झाल्या. आपल्याकडील नाटक कंपनीपेक्षा ही पद्धत वेगळी आहे. तेथील नाट्यगृह ही पगारी कलावंतांची संस्था असते. तालीम, नेपथ्य आणि प्रयोग सारे एकाच छताखाली चालते आणि एकाच आठवड्यात नट चार निरनिराळ्या नाटकांत दिसतो. ही शिस्त यांदा यांच्या अंगी मुरली. पडद्यावर मोठे नाव झाल्यावरही त्यांनी रंगमंच सोडला नाही, यामागे ही सवय असावी.

चित्रपटात त्यांना आणले ते आंद्रेय वायदा यांनी. ‘मॅन ऑफ मार्बल’ची पटकथा वायदा यांच्याकडे १९६० च्या दशकाच्या आरंभापासून पडून होती. अलेक्झांडर श्चिबोर-रिल्स्की यांनी लिहिलेल्या या कथेला दशकभराहून अधिक काळ परवानगी मिळाली नाही. अखेर संस्कृतिमंत्री युझेफ तेय्ख्मा यांच्या संमतीने १९७६ मध्ये चित्रीकरण सुरू झाले. कथा अशी : आग्नियेश्का नावाची एक तरुण विद्यार्थिनी आपल्या पदविका परीक्षेसाठी चित्रपट करू पाहते. १९५० च्या दशकात नोव्हा हुता या पोलाद नगरीच्या उभारणीत विक्रमी विटा रचणारा मातेउश बिरकुत हा गवंडी त्या काळी सरकारचा लाडका होता. त्याचे संगमरवरी पुतळे घडवले गेले, मिरवणुकीत त्याची चित्रे झळकली. आणि नंतर तो नाहीसा झाला. त्याचे काय झाले, हे तिला शोधायचे असते. संग्रहालयाच्या तळघरात, कुलपाआड टाकून दिलेल्या पुतळ्यांमध्ये तिला बिरकुतचा पुतळा सापडतो आणि कोणी पाहू नये अशा बेताने ती त्याचे चित्रण करते.

ही आग्नियेश्का यांदा यांची पहिली मोठी चित्रपट भूमिका. उंच, सडपातळ, खांद्याला झोळी, हातात सिगारेट, चालणे जवळजवळ धावण्यासारखे. खुर्चीवर ती सरळ बसतच नाही. पोलिश पडद्यावरील नायिकेने तोवर असे वागून दाखवले नव्हते. काही समीक्षकांना ही देहबोली अतिरेकी वाटली, आणि आजही चित्रपट पाहताना काही प्रसंगांत तसे वाटू शकते. परंतु त्या अस्वस्थ हालचालींतच त्या पिढीचा स्वभाव होता : आईवडील ज्याविषयी बोलत नाहीत, ते विचारल्यावाचून ही पिढी राहणार नव्हती.

फेब्रुवारी १९७७ मध्ये चित्रपट मर्यादित चित्रपटगृहांत झळकला आणि तिकिटांसाठी रांगा लागल्या. त्याचा शेवट मात्र सेन्सॉरने कापला होता. डिसेंबर १९७० मध्ये बाल्टिक किनाऱ्यावरील शहरांत संपकरी कामगारांवर गोळीबार झाला होता. बिरकुत त्यातच मारला गेला असे सुचवणारा दफनभूमीतील प्रसंग काढून टाकावा लागला. त्या वर्षीच्या ग्दान्स्क येथील राष्ट्रीय महोत्सवात अधिकृत पारितोषिकांतून चित्रपटाला डावलण्यात आले, तेव्हा पत्रकारांनी वायदा यांना जिन्यावर गाठून फीत बांधलेली एक वीट भेट दिली. गवंड्यावरील चित्रपटाला याहून शोभेसे पारितोषिक मिळणे कठीण होते.

ऑगस्ट १९८० मध्ये ग्दान्स्कच्या गोदी कामगारांनी संप पुकारला आणि त्यातून ‘सॉलिडॅरिटी’ ही स्वतंत्र कामगार संघटना जन्माला आली. वायदा तेथे गेले असता एका कामगाराने त्यांना आता आमच्यावर ‘मॅन ऑफ आयर्न’ काढा, असे सुचवले, ही कथा प्रसिद्ध आहे. काही महिन्यांत चित्रपट तयार झाला आणि मे १९८१ मध्ये त्याला कानचा सर्वोच्च ‘पाम द’ऑर’ सन्मान मिळाला. बिरकुत आणि त्याचा मुलगा माचेक या दोन्ही भूमिका येझी राजिवीलोविच यांनी केल्या. आग्नियेश्का आता माचेकची पत्नी झाली आहे. त्यांच्या विवाहाच्या प्रसंगी साक्षीदार म्हणून प्रत्यक्ष लेक वालेसा पडद्यावर दिसतात.

येथे एक गोष्ट नमूद करायला हवी. पहिल्या चित्रपटातील बेफाम आग्नियेश्का दुसऱ्यात शांत, सोशिक, पतीची पाठराखण करणारी झाली आहे. पहिल्यात ती कथा पुढे नेते; दुसऱ्यात ती स्थानबद्धतेतून पतीची कथा सांगते. चळवळीच्या विजयाचा चित्रपट काढताना वायदा यांनी आपल्या सर्वांत जिवंत व्यक्तिरेखेला वीरपत्नीच्या चौकटीत बसवले, हा आक्षेप पुढे अनेकांनी घेतला आणि तो निराधार नाही. यांदा यांनी या आक्षेपाला एका अर्थी उत्तर दिले. पण त्यासाठी एकतीस वर्षे जावी लागली.

‘इंटरोगेशन’चे चित्रीकरण सुरू झाले तेव्हा सॉलिडॅरिटीचे मोकळे दिवस संपत आले होते. तोनिया जिविश ही १९५१ मधील एक गायिका. एका कार्यक्रमानंतर दोन अनोळखी पुरुष तिला मद्यपानाला नेतात; सकाळी शुद्धीवर येते तेव्हा ती तुरुंगात असते. ते दोघे गुप्त पोलीस असतात. ओळखीच्या एका अधिकाऱ्याविरुद्ध तिने साक्ष द्यावी, एवढीच त्यांची अपेक्षा असते. सही केली की सुटका. तोनिया ना राजकारणातली, ना कोणत्या तत्त्वाची पाईक. ती उथळ आहे, थिल्लर आहे, पुरुषांच्या बाबतीत निष्काळजी आहे. तरीही ती सही करत नाही. पाणी भरत जाणाऱ्या अरुंद कोठडीत तिला उभे केले जाते, खोटी फाशी दाखवली जाते, पती तिला सोडून देतो, ती मनगटे चावून मरू पाहते. सही मात्र होत नाही. स्टालिनच्या मृत्यूनंतर, १९५६ मध्ये, ती बाहेर येते.

या भूमिकेचे मोल नेमके येथे आहे. यांदा यांनी तोनियाला वीरांगना केले नाही. तिचा नकार तिला स्वतःलाही नीटसा उमगलेला नाही, असे त्या दाखवतात. तपास अधिकाऱ्यांना, म्हणजे यानुश गायोस आणि अ‍ॅडम फेरेन्त्सी यांच्या पात्रांना, तत्त्वनिष्ठ कैद्याशी कसे वागावे हे ठाऊक आहे. या बाईशी कसे वागावे ते कळत नाही. तोनियाच्या कोठडीतील निष्ठावान कम्युनिस्ट कैदी अग्निएश्का होलांद यांनी साकारली आहे. याच होलांद पुढे दिग्दर्शिका म्हणून जगभर नावाजल्या गेल्या.

१३ डिसेंबर १९८१ रोजी पोलंडमध्ये लष्करी कायदा पुकारण्यात आला. त्यामुळे चित्रपट पूर्ण झाला तो अगदी प्रतिकूल काळात. त्या काळी पोलंडमध्ये चित्रपट सरकारी पैशावर बनत. दिग्दर्शकांचे छोटे गट असत. वायदा यांच्याकडे ‘एक्स’ नावाच्या गटाचे प्रमुखपद होते आणि बुगायस्की त्याच गटात होते. तयार चित्रपट प्रथम अधिकारी आणि चित्रपटक्षेत्रातील मान्यवरांच्या मंडळापुढे दाखवला जाई. वॉर्साच्या मिशिया रस्त्यावरील नियंत्रण कार्यालयाचा शिक्का त्यापलीकडचा. एप्रिल १९८२ मध्ये या मंडळापुढे ‘इंटरोगेशन’ आला आणि कम्युनिस्ट पोलंडमधील सर्वाधिक राजवटविरोधी चित्रपट अशी त्याची संभावना झाली. तो फळीवर ठेवण्यात आला. पुढच्या वर्षी ‘एक्स’ गटच बरखास्त झाला.

फळीवर गेलेल्या चित्रपटांसाठी पोलिश भाषेत एक खास शब्द आहे. ‘पुव्का’ म्हणजे फळी, तिच्यापासून ‘पुव्कोव्निक’. लष्करातील कर्नलसाठीही नेमका हाच उच्चार आहे. चित्रपटाला कर्नलपदी बढती मिळाली, असे लोक म्हणत. वरिष्ठ गणवेशधाऱ्यांनी देश चालवण्याच्या त्या दिवसांत या विनोदाला वेगळीच धार होती.

परंतु बुगायस्की यांनी गुपचूप एक व्हिडिओ प्रत काढून ठेवली होती. तिच्या प्रतींवरून प्रती निघाल्या आणि व्हीएचएस कॅसेट घरोघरी, चर्चच्या सभागृहांत फिरू लागली. प्रतीची प्रत काढताना चित्र धूसर होत जाई, आवाज फाटे. तरी लोक पडदे ओढून ती पाहत. अधिकृतपणे अस्तित्वातच नसलेल्या भूमिकेसाठी यांदा देशभर ओळखल्या जाऊ लागल्या.

दरम्यान त्यांचे काम थांबले नव्हते. हंगेरीचे इश्तवान साबो यांच्या ‘मेफिस्टो’ या चित्रपटात त्यांनी नायकाची पत्नी बार्बरा साकारली. नाझी राजवटीशी जुळवून घेणाऱ्या नटाची ही कथा; सर्वोत्कृष्ट परभाषिक चित्रपटाचे ऑस्कर तिला मिळाले. १९८८ मध्ये क्शिश्तोफ किश्लोव्स्की यांच्या ‘डेकालॉग’ मालिकेच्या दुसऱ्या भागात त्या दोरोता झाल्या. दोरोताचा पती रुग्णालयात मरणाच्या दारात आहे आणि तिच्या पोटात दुसऱ्या पुरुषाचे मूल आहे. पती वाचणार असेल तर गर्भपात करायचा, नसेल तर मूल ठेवायचे. म्हणून ती वृद्ध डॉक्टरांकडे निश्चित उत्तर मागते. हे डॉक्टर म्हणजेच बार्दिनी. एका प्रसंगात ती खिडकीतील कुंडीतल्या झाडाची पाने एकेक करून खुडते, मग देठ वाकवते आणि ते देठ हळूहळू पुन्हा वर उठते. संवाद नाही, अश्रू नाहीत. आग्नियेश्काची धावपळ करणारी नटी बारा वर्षांत कोठे पोहोचली होती, ते या मिनिटभराच्या दृश्यात कळते.

कम्युनिस्ट राजवट गेल्यावर पोलंडमधील कलावंतांपुढे वेगळा प्रश्न आला. सेन्सॉर गेला, तसे अनुदानही आटले. ज्या प्रेक्षकाला ओळींमधला अर्थ वाचण्याची सवय होती, त्याला आता तसे वाचण्याची गरज उरली नाही. १९९० मध्येच वॉर्साच्या पोव्शेख्नी नाट्यगृहात यांदा यांनी विली रसेल यांचे ‘शर्ली व्हॅलेंटाइन’ हे एकपात्री नाटक सुरू केले. मध्यमवयीन, संसारात जीव विटलेली ही ब्रिटिश गृहिणी स्वयंपाकघरातील भिंतीशी बोलते आणि एके दिवशी ग्रीसला निघून जाते. पडद्यावरील छळछावणीसदृश तुरुंगानंतर हे फारच हलके वाटले असेल. प्रत्यक्षात याच नाटकाने त्यांना सामान्य प्रेक्षकांशी, विशेषतः स्त्रियांशी, कायमचे जोडले. तीन दशकांहून अधिक काळ त्याचे प्रयोग होत राहिले. पुढे ‘मास्टर क्लास’मध्ये त्यांनी गायिका मारिया कॅलास रंगवली आणि १९९५ मध्ये ‘पेस्तका’ हा चित्रपट स्वतः दिग्दर्शित केला.

त्यांच्या आयुष्यातील सर्वांत मोठा जुगार मात्र अभिनयाबाहेरचा होता. छायाचित्रकार एदवार्द क्वोशिन्स्की हे ‘मॅन ऑफ मार्बल’चे छायालेखक, त्यांच्याशी १९८१ मध्ये यांदा यांचा विवाह झाला होता. या दांपत्याने वॉर्साच्या मध्यवस्तीतील, मार्शाल्कोव्स्का रस्त्यावरचे ‘पोलोनिया’ हे बंद पडलेले चित्रपटगृह स्वतःचा पैसा घालून घेतले आणि त्याचे नाट्यगृह केले. त्यासाठी आधी न्यासाची स्थापना झाली आणि ऑक्टोबर २००५ मध्ये पहिले नाटक रंगमंचावर आले. पोलंडमध्ये नाट्यगृह म्हणजे राज्याची वा नगरपालिकेची संस्था, हे समीकरण इतके रूढ होते की एका अभिनेत्रीने खासगी नाट्यगृह काढणे अनेकांना वेडेपणा वाटला. तिकीटबारीवर संस्था चालवायची म्हणजे विनोदी नाटकांच्या जोरावर गंभीर नाटके पोसावी लागतात. ‘पोलोनिया’ने तेच केले आणि त्याबद्दल करमणूकप्रधानतेची टीकाही ऐकून घेतली. २०१० मध्ये ओखोता भागातील आणखी एका जुन्या चित्रपटगृहात ‘ओख’ हे दुसरे नाट्यगृह सुरू झाले. यांदा यांच्या कन्या, अभिनेत्री मारिया सेवेरिन, त्याच्याशी आरंभापासून निगडित आहेत.

क्वोशिन्स्की यांना हे दुसरे नाट्यगृह पाहता आले नाही. जानेवारी २००८ मध्ये कर्करोगाने त्यांचे निधन झाले. वायदा तेव्हा यारोस्लाव इवाश्कियेविच यांच्या ‘तातारक’ या कथेवर यांदा यांना घेऊन चित्रपट करण्याच्या तयारीत होते. पतीच्या अखेरच्या दिवसांविषयी यांदा यांनी लिहून काढले आणि ते पाने वायदा यांच्या हाती दिले. वायदा यांनी ते चित्रपटातच घेतले. कथेच्या मध्येमध्ये हॉटेलच्या खोलीत, खिडकीतून येणाऱ्या प्रकाशात, स्थिर कॅमेऱ्यापुढे यांदा स्वतः म्हणून बोलतात : निदान, रुग्णालय, अखेरची रात्र. चेहरा बहुतेक वेळा प्रेक्षकाकडे नसतोच. खासगी दुःख पडद्यावर आणावे काय, यावर पोलंडमध्ये मतभेद झाले. २००९ च्या बर्लिन महोत्सवात चित्रपटाला आल्फ्रेड बावर पारितोषिक देण्यात आले.

ऑक्टोबर २०१२ मध्ये ग्दान्स्कमध्ये ‘दानुता व्ह.’ हा एकपात्री प्रयोग रंगमंचावर आला. लेक वालेसा यांच्या पत्नी दानुता यांच्या आत्मकथनावर तो आधारित होता. आठ मुलांची आई. घरात सतत कार्यकर्त्यांचा राबता. १९८३ मध्ये पतीला परत देशात येऊ दिले जाणार नाही या भीतीने त्यांच्या वतीने ओस्लोला जाऊन नोबेल शांतता पुरस्कार स्वीकारणारी स्त्री. आणि इतके सारे करून इतिहासाच्या पुस्तकात एका ओळीपुरती उरलेली. रंगमंचावर यांदा सफरचंदे सोलतात, कणीक मळतात, केक भाजायला ठेवतात आणि बोलत राहतात. भाजलेल्या सफरचंदांचा वास प्रेक्षागृहात पसरतो. ‘मॅन ऑफ आयर्न’मध्ये वालेसा साक्षीदार होते आणि आग्नियेश्का वधू, आता त्याच अभिनेत्रीच्या तोंडून वालेसा यांच्या पत्नीने आपली बाजू मांडली. एकतीस वर्षांपूर्वी चौकटीत बसवलेली वीरपत्नी अखेर बोलली.

सार्वजनिक प्रश्नांवर यांदा गप्प राहत नाहीत आणि त्याची किंमतही त्यांना वेळोवेळी मोजावी लागली आहे. २०१६ मध्ये गर्भपातावर जवळपास संपूर्ण बंदी आणणारे विधेयक पोलंडच्या संसदेपुढे आले, तेव्हा आइसलंडमधील स्त्रियांनी १९७५ मध्ये केलेल्या देशव्यापी संपाची आठवण त्यांनी समाजमाध्यमावर करून दिली. ३ ऑक्टोबर रोजी काळे कपडे घातलेल्या स्त्रिया शहरोशहरी रस्त्यावर उतरल्या आणि त्याच आठवड्यात संसदेने विधेयक फेटाळले. चार वर्षांनी मात्र टीकेचा रोख त्यांच्याकडेच वळला. डिसेंबर २०२० च्या अखेरीस, कोरोना लसीकरणाचा पहिला टप्पा वैद्यकीय कर्मचाऱ्यांसाठी राखीव असताना वॉर्सामध्ये ज्या काही कलावंतांना लस देण्यात आली, त्यांत यांदा यांचाही समावेश होता. लसीकरणाच्या प्रचारासाठी आपल्याला बोलावण्यात आले होते, असे स्पष्टीकरण त्यांनी दिले. परंतु रांग मोडल्याचा राग शमायला वेळ लागला. ज्यांनी त्यांना तोनिया म्हणून पाहिले होते, त्यांना ही गोष्ट अधिक लागली असणार.

त्याआधी, जानेवारी २०१९ मध्ये, अमेरिकेतील सनडान्स महोत्सवात त्यांना अभिनयाचे विशेष परीक्षक पारितोषिक मिळाले होते. यात्सेक बोर्चुख यांच्या ‘डोल्चे फिने जोर्नाता’ या चित्रपटात त्या इटलीतील तोस्काना प्रांतात स्थायिक झालेल्या पोलिश कवयित्री मारिया लिंदे झाल्या आहेत. दहशतवादी हल्ल्यानंतर सन्मान समारंभात ही नोबेल विजेती जे बोलते, त्याने सारे गाव तिच्यावर उलटते. सर्वांची लाडकी असलेली, चुकू शकणारी, तरीही शब्द मागे न घेणारी ही वृद्धा साकारताना यांदा यांचे वय ६५ च्या आसपास होते.

‘पोलोनिया’पासून काही पावलांवर वॉर्साचा संविधान चौक आहे. १९५२ मध्ये, म्हणजे यांदा यांच्या जन्मवर्षीच, तो बांधून पूर्ण झाला. आसपासच्या इमारतींवर त्या काळच्या समाजवादी शैलीतील श्रमिकांची मोठाली दगडी शिल्पे आजही आहेत. बिरकुतच्या पुतळ्याची ही सख्खी भावंडे. उन्हाळ्यात ‘पोलोनिया’ची मंडळी याच चौकात नाटके करतात. तिकीट नसते. बाजाराच्या पिशव्या घेऊन चाललेली माणसे थांबतात, काही शेवटपर्यंत उभी राहतात, काही ट्राम आली की निघून जातात.